मी कुणाची बायको नाही

२९ ऑगस्ट १८०७, शनिवार

कर्नल हॅस्ब्रूक आज आमच्याकडे जेवून गेला. हा माणूस आपण होऊन कुणाच्या घरी जेवत नाही, त्यामुळे माझं अर्धं लक्ष ताटात आणि अर्धं त्याच्या तोंडाकडे. जिल्ह्यातला आमचा पक्ष म्हणजे हॅस्ब्रूक. तो ज्याच्या पाठीवर हात ठेवतो तो उभा राहतो, बाकीचे घरी बसतात.

सायडरचा तिसरा पेला झाल्यावर म्हणाला, "पार्सेल, गेल्या वर्षी विधानसभेवर किती मतांनी आलास?"

"नऊ."

"आणि बायकांची मतं किती होती?"

"एकवीस."

"म्हणजे तुझी ती विधवा बहीण नसती, तर तू आज लोकांच्या कुंपणांचे दावे लढवत बसला असतास."

"अजूनही तेच लढवतो," मी म्हटलं. तो हसला नाही.

मग खिशातून कागद काढला. येत्या अधिवेशनात कायदा आणायचा आहे. फेब्रुवारीत पलीकडच्या जिल्ह्यात कोर्टाची इमारत कुठे बांधायची यावर मतदान झालं, तेव्हा म्हणे पुरुषांनी घागरे घालून दोन-दोनदा मतं दिली. त्या बोभाट्याचा फायदा घ्यायचा आणि बायकांचं मतच काढून टाकायचं. "बायका असा शब्दसुद्धा घालायचा नाही," कर्नल म्हणाला. "मत कुणाला? गोऱ्या पुरुषाला. एवढं लिहिलं की बायकाही गेल्या आणि काळेही गेले. एका दगडात!"

आमच्या रस्त्यावरचा लोहार टायटस काळा आहे, स्वतंत्र आहे, आणि दर वर्षी मला मत देतो. हे मी बोललो नाही. बोलून काय झालं असतं?

या मसुद्याला हात वर केला तर पुढच्या वर्षी कौन्सिलची जागा माझी. वरचं सभागृह, जिल्ह्यातून एकच माणूस. मी म्हटलं, विचार करतो. मनाने मी बायकांच्या बाजूचाच आहे, भर सभेत तसं बोललोही आहे. पण विचार करायला काय हरकत आहे?

६ सप्टेंबर, रविवार

चर्चनंतर ताईकडे जेवलो. केझायाताई माझ्याहून नऊ वर्षांनी मोठी. आई गेल्यावर तिनेच मला वाढवलं, वकिलीला घातलं. जॉब भावजींना जाऊन दहा वर्षं झाली. घर, बाग आणि गायी तिच्या नावावर आहेत, म्हणून तिला मत आहे. आमच्या राज्यात ज्या बाईच्या स्वतःच्या नावावर पुरेशी मालमत्ता आहे तिला मत मिळतं. म्हणजे अर्थात विधवांना आणि बिनलग्नाच्यांना, कारण लग्न झालं की बाईचं जे काही असेल ते नवऱ्याचं होतं. मालमत्ता गेली की मतही गेलं.

जेवायला तूनिस ब्रोकॉ होताच. गाड्यांची चाकं बनवतो. सहा फूट उंच, आणि बोलायचं म्हटलं की कुणीतरी ढकलावं लागतं. सहा वर्षं ताईला मागणी घालतो आहे आणि ताई सहा वर्षं त्याला झुलवते आहे. बाईमाणसाच्या लहरी. पण माणूस पक्षाचा पक्का! दर निवडणुकीला आपल्या मोठ्या गाडीतून गावोगावच्या विधवांना मतदानाला आणतो आणि घरी पोचवतो, एक पैसा घेत नाही.

ताईने यादी वाचून दाखवली. या वर्षी अठरा बाया, आणि ती स्वतः. "म्हातारी मिसेस कॉंपटन यायला तयार नाही," ती म्हणाली. "म्हणते, गुडघे दुखतात. मी म्हटलं, मत काय गुडघ्याने देतेस?"

तूनिस एकदम म्हणाला, "ही निवडणूक झाली की मग..." ताईने त्याच्या ताटात बटाटे वाढले आणि तो गप्प झाला. दोघांचेही चेहरे आज जरा लालसर होते. चुलीची आच असावी.

कर्नलच्या मसुद्याचं मी काही काढलं नाही. उगीच निवडणुकीच्या तोंडावर कशाला?

परत येताना हल्दाला म्हटलं, तूनिससारखा कार्यकर्ता मिळणं कठीण. माझी बायको माझ्याकडे बघत राहिली. "अहो, तुम्हाला खरंच तो पक्षासाठी येतो असं वाटतं?"

"मग कशासाठी?"

"काही नाही," म्हणाली.

२४ सप्टेंबर, गुरुवार

विरोधकांनी नवीन पिल्लू सोडलं आहे. ताईने तूनिसशी गुपचूप लग्न केलंय आणि तरीही ती विधवा म्हणून मत देणार आहे, असं त्यांचा म्होरक्या ड्रेक गावच्या सराईमध्ये बसून सांगतो. ताईच्या मताला हरकत घेतली जाणार हे नक्की. ती मागे हटली तर बाकीच्या अठराजणी पेटीजवळ फिरकणार नाहीत. या वर्षी हिशेब असा आहे की अठरा गेल्या तर मीही गेलो. दोन रात्री झोप नाही.

१३ ऑक्टोबर, मंगळवार

मतदानाचा पहिला दिवस.

सराईच्या ओसरीवर टेबल, टेबलावर पेटी, मागे निरीक्षक. अंगणात दोन-अडीचशे माणूस. दहाच्या सुमारास तूनिसची गाडी आली. ताई आधी उतरली, मागून बाया. टेबलाशी पोचते न पोचते तोच ड्रेक ओरडला, "हरकत! ही बाई तूनिस ब्रोकॉची बायको आहे! तो रोज हिच्याकडे जेवतो, सगळ्या गावाला ठाऊक आहे!"

"जेवतो," ताई म्हणाली. "तूही ये. घरचं खाऊन तुझं काय झालंय ते दिसतंच आहे." अंगण हसलं. पण निरीक्षक बिचारा नियमाचा माणूस. त्याने बायबल पुढे केलं. शपथ घ्यावी लागेल.

ताईने मागे वळून गाडीकडे पाहिलं. तूनिस घोड्यांपाशी उभा होता, हातात लगाम. मग तिने माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली, म्हणजे घे ना, त्यात काय एवढं!

तिने हात ठेवला. "मी केझाया रनियन. जॉब रनियनची विधवा. देवासमोर सांगते, मी कुणाची बायको नाही."

"आणि लग्न ठरलेलं नाही, हेही म्हणायला लावा!" ड्रेक काही सोडेना.

आता कायद्याने हे विचारताच येत नाही. वकील म्हणून मी तिथल्या तिथे उठून तसं सांगायला हवं होतं. पण वाद सुरू झाला असता, तास गेला असता, आणि मागच्या बायांची चुळबूळ मला दिसत होती. दोघी तर गाडीकडे परत निघाल्या होत्या. म्हणून मीच म्हटलं, "ताई, म्हणून टाक. याचं तोंड एकदाचं बंद होईल."

बायबलवरचा तिचा हात दिसत होता, बोटं पांढरी पडली होती. मग ती मोठ्याने म्हणाली, मागच्या कुंपणापर्यंत ऐकू जाईल असं, "ठरलेलं नाही. आणि ठरणारही नाही."

चिठ्ठी पेटीत पडली. टाळ्या! मीही वाजवल्या, माझ्या डोळ्यांत पाणी आलं. अठराच्या अठरा बाया तिच्या मागून आल्या. अशी बहीण कुणाला मिळते?

तूनिसने संध्याकाळी सगळ्यांना कबूल केल्याप्रमाणे घरी पोचवलं. ताई मात्र चालत गेली. पाय मोकळे करायचे असतील.

१४ ऑक्टोबर, बुधवार

सात मतांनी आलो. सात! सराईमध्ये सगळ्यांना रमचा पंच पाजला. तूनिस आला नाही. ताईही आली नाही, डोकं दुखतंय असा निरोप.

२२ ऑक्टोबर, गुरुवार

कमाल आहे. तूनिसने कारखाना भावाच्या नावावर केला आणि काल दूर पश्चिमेला, ओहायोला निघून गेला. इतकी वर्षं बसलेला धंदा सोडून! मला सांगितलंसुद्धा नाही. पुढच्या वर्षी बायांना आणायला गाडी कुठून आणायची?

ताईला विचारलं, तो का गेला. ती लोणी घुसळत होती. म्हणाली, "तिकडे जमीन स्वस्त आहे."

९ नोव्हेंबर, ट्रेंटन

राजधानीत आठवडाभर पाऊस आणि चिखल. एका खोलीत आम्ही तिघे सभासद, पैकी दोघे घोरतात. मसुदा येत्या सोमवारी मतदानाला येतो. कर्नल रोज एकदा सहज भेटतो आणि रोज सहज कौन्सिलचा विषय काढतो.

ताईचं पत्र आलं. चारच ओळी. "एबर, इथे ऐकते की तुम्ही आमचं मत काढून घेणार आहात. लोक काहीही बोलतात. तू नाही म्हणून लिही, म्हणजे मी बायांना सांगते. हल्दा बरी आहे, चौथा महिना लागला, जपायला हवं."

उत्तर लिहायला तीन कागद फाडले. शेवटी लिहिलं की प्रश्न नाजूक आहे, अनेक बाजू आहेत, आणि मी सदसद्विवेकाने वागेन. यात खोटं एकही अक्षर नाही.

१६ नोव्हेंबर, सोमवार

झालं. मसुदा मंजूर. मी बाजूने मत दिलं.

मी बसून राहिलो असतो तरी मसुदा मंजूर झालाच असता, विरोधात इनमीन चार-पाच. मग एकट्याने पाण्यात उडी मारून कुणाचं भलं झालं असतं? कर्नलने बाहेर आल्यावर माझ्या पाठीवर हात ठेवला. बराच वेळ ठेवला.

विचार करता करता एक गोष्ट लक्षात आली आणि मन एकदम हलकं झालं. ताईचं यात नुकसान नाही, उलट फायदाच आहे! आता मत नाही म्हणजे ते जपायचीही गरज नाही. तिने खुशाल तूनिसला बोलवावं आणि लग्न करावं. घरी गेलो की हे तिला आधी सांगायचं.

२१ नोव्हेंबर, शनिवार

सांगितलं.

ती पीठ मळत होती. माझं बोलणं संपेपर्यंत मळत राहिली. मग हात न धुताच बाकावर बसली.

"काय म्हणालास? परत म्हण."

"म्हटलं, आता तू मोकळी आहेस, ताई."

"मोकळी," ती म्हणाली. "अरे एबर, मी त्याला सहा वर्षं 'नाही' का म्हणत होते, तुला काय वाटलं?"

मी म्हटलं, मला वाटलं तुला तो तितकासा आवडत नाही.

ती हसली. असं हसू मी तिच्या तोंडावर कधी पाहिलं नव्हतं. "मी लग्न केलं असतं तर माझं मत गेलं असतं. आणि मीच घरात बसले असते तर त्या अठराजणींना कुणी आणलं असतं, तू? दर वर्षी म्हणायचे, एवढी एक निवडणूक होऊ दे, एबरचं बस्तान बसू दे. या सप्टेंबरात मी त्याला हो म्हटलं होतं. ठरलं होतं रे. मतदान झालं की पुढच्या रविवारी चर्चमध्ये सांगायचं होतं."

माझ्यातला वकील जागा झाला असावा, कारण मी म्हटलं, "पण तू तर शपथेवर..."

"हो," ती म्हणाली. "देवाच्या पुस्तकावर हात ठेवून खोटं बोलले. तूनिसच्या देखत. दोनशे माणसांत. तू म्हणालास, 'म्हणून टाक', म्हणून टाकलं. आणि तू जाऊन हे करून आलास."

मी म्हटलं, ड्रेकचा प्रश्नच बेकायदा होता, तेव्हा त्यावरची शपथ बंधनकारक धरता येत नाही. तिने माझ्याकडे असं पाहिलं, जसं लहानपणी मी ताप चढल्यावर बरळायचो तेव्हा पाहायची.

"त्याला पत्र लिही," मी म्हटलं.

"लिहिलं. दोनदा. आता घरी जा, हल्दा एकटी आहे."

हे सगळं मला आधी कुणीतरी सांगायला हवं होतं. मला राग येतो आहे आणि तो कुणाचा ते ठरवता येत नाही.

८ मे १८०८, रविवार

मुलगा झाला. हल्दाचे दोन दिवस फार वाईट गेले. ताई दोन्ही दिवस पलंगापासून हलली नाही. सुईण हात टेकत होती तेव्हा ताई तिच्यावर ओरडली, "तुला जमत नसेल तर बाजूला हो!" आज बाळ तिच्याच मांडीवर झोपलं आहे. माझ्याशी ती बोलते, पण कामापुरतं. राजकारणाचा विषय निघाला की उठून जाते. हेही दिवस जातील.

तूनिसचं उत्तर नाही, असं हल्दा म्हणाली.

१८ ऑगस्ट, गुरुवार

कर्नलने शब्द पाळला. कौन्सिलसाठी माझं नाव पक्कं झालं.

आज एका जमीन मोजणाऱ्याची गाठ पडली, ओहायोहून परतलेला. सहज विचारलं. म्हणाला, ब्रोकॉ ना? उंच, न बोलणारा? चांगलं चाललंय की त्याचं. जूनमध्ये लग्न केलं, दोन मुलांची विधवा आहे.

ताईला सांगायला हवं. सांगेन. पण आत्ता सांगितलं तर तिची तब्येत बिघडेल, हल्दा अजून अशक्त आहे, घराचं सगळं ताईच बघते, आणि मला जिल्हाभर फिरायचं आहे. मतदानाला आठ आठवडेच तर राहिलेत. झालं की शांतपणे सांगेन, जवळ बसून.

२५ सप्टेंबर, रविवार

ताईची आवरासावर चालली आहे. दोन्ही गायी विकल्या, माग टायटसच्या बायकोला दिला. बागही खंडाने दिली म्हणे. मी म्हटलं, बरं केलंस, या वयात इतका व्याप कशाला? चव्वेचाळीस-पंचेचाळीस म्हणजे काही कमी नाही. "हो ना," म्हणाली. आज तिने आपण होऊन माझा सदरा शिवून दिला, आणि माझ्या डोक्यावरून हात फिरवला. राग गेला वाटतं. बरं वाटलं फार.

११ ऑक्टोबर, मंगळवार

मतदानाचा पहिला दिवस. ओसरीसमोर एकही बाई नाही. टायटस पलीकडे आपल्या लोहारशाळेत भात्यापाशी पाठ करून उभा होता. सगळं कसं सुरळीत, शांत.

दुपारी जेवायला घरी आलो तर हल्दा दारात, बाळ कडेवर. डोळे सुजलेले.

"वन्सं गेल्या. सकाळच्या टपालगाडीने. ओहायोला."

"ओहायोला? एकटी? मला न सांगता?"

"तुम्ही अडवलं असतं म्हणून. म्हणाल्या, त्याने उत्तर नाही दिलं तर नाही दिलं, मी स्वतः जाऊन त्याच्यासमोर खरं सांगणार. मी विचारलं, आजच का, निवडणुकीच्या दिवशी? म्हणाल्या, दहा वर्षांत पहिल्यांदाच आजच्या दिवशी मला इथे काही काम नाही."

माझ्या तोंडून निघून गेलं, "अगं पण तूनिसने तर लग्न केलंय!"

हल्दा हलली नाही. "कुणी सांगितलं?"

मी सांगितलं.

"कधी?"

"ऑगस्टमध्ये."

तिने बाळाला पाळण्यात ठेवलं. माझ्यावर ओरडेल असं वाटलं, पण आवाज अगदी खाली होता. "गाडी आज डेलावेअर नदीच्या अलीकडे मुक्कामाला थांबते. सकाळी सहाला नाव सुटते. आत्ता निघालात तर दिवे लागायच्या आत पोचाल. घोड्यावर खोगीर मी चढवून देते. जा हो. त्या बाईला तीन आठवडे त्या रस्त्याने धक्के खात जाऊन त्याच्या दारात उभं राहू देऊ नका. त्याची बायको दार उघडेल."

तिने खरंच घोडा आणला. मी रिकिबीत पाय ठेवला. तेवढ्यात कर्नलचा माणूस आला, दक्षिणेकडच्या दोन गावांत ड्रेकची माणसं शिरली आहेत, तुम्ही ओसरीवर दिसायलाच हवं.

मी म्हटलं, "हल्दा, उद्या दुपारी मोजणी झाली की लगेच निघतो. नदीपलीकडे रस्ता वाईट आहे, गाडी हळू जाते. गाठेन मी."

ती घोडा परत घेऊन गेली.

१२ ऑक्टोबर, बुधवार

निवडून आलो. जिल्ह्याची सगळी मोजणी हाती यायला, दाखल्यावर सह्या व्हायला संध्याकाळ झाली. मग कर्नलने पंच मागवला, उठू देईना. आता अंधार आहे, आणि पाऊस लागला आहे. ताईची गाडी नदीपलीकडे तीस मैल तरी गेली असेल.

हल्दाने विचारलं, "किती मतांनी?"

"एकशे चाळीस," मी सांगितलं.

"म्हणजे काल तिथे तुमचं काही काम नव्हतं," ती म्हणाली आणि बाळाला घेऊन आत गेली.

मला लाज वाटते. हे लिहिल्याने ती कमी होईल असं वाटलं होतं, पण होत नाही.